अमृतरावांचा तह आणि आजचे व्यापार करार

काशीतील राजा घाट पूर्वी अमृतराव घाट या नावाने ओळखला जात असे. तो बांधणारे अमृतराव पेशवे हे रघुनाथरावांचे दत्तक पुत्र आणि दुसऱ्या बाजीरावांचे वडीलबंधू. बलाढ्य अर्थव्यवस्था आणि विकसनशील देश यांच्यातील मुक्त व्यापार करारांवर राजधानीत सतत खल चालू असतो. अशा वेळी या काशीवासी मराठी पुरुषाचे चरित्र अभ्यासण्याजोगे ठरते.

१७७५ मध्ये बाजीरावांचा जन्म झाला आणि औरस पुत्रापुढे दत्तकाचा हक्क मागे पडला. तरीही कारभारात अमृतरावच अधिक जाणते मानले जात. २५ ऑक्टोबर १८०२ रोजी यशवंतराव होळकरांनी हडपसरच्या लढाईत शिंदे व पेशवे यांच्या फौजांचा पराभव केला. बाजीराव कोकणात उतरून इंग्रजांच्या आश्रयास गेले. होळकरांनी अमृतरावांना पुण्यास आणून कारभार त्यांच्याकडे सोपविला.

३१ डिसेंबर १८०२ रोजी बाजीरावांनी वसईचा तह केला. सहा हजार इंग्रजी पायदळ कायम पदरी ठेवणे, त्याच्या खर्चासाठी २६ लाख रुपये उत्पन्नाचा मुलूख तोडून देणे, निजाम व गायकवाड यांच्याशी असलेल्या वादांत कंपनीचा निवाडा मान्य करणे, ही त्यातील ठळक कलमे. हा व्यापारी करार नव्हता; परंतु समोरचा पक्ष मूळचा व्यापारीच होता. १७३९ मध्ये याच कंपनीने पेशव्यांच्या मुलखात मुक्त व्यापाराची सवलत मिळविली होती. तेव्हा सवलत देणारा समर्थ होता, १८०२ मध्ये तो शरणागत होता.

एप्रिल १८०३ मध्ये आर्थर वेलस्ली पुण्यास पोहोचले आणि अमृतरावांना शहर सोडावे लागले. पुढे १४ ऑगस्ट १८०३ रोजी त्यांनीही कंपनीशी स्वतंत्र करार केला. सालिना सात लाख रुपयांचे वर्षासन मिळाले आणि मराठी राजकारणातील त्यांचे स्थान कायमचे संपले. उर्वरित आयुष्य काशीत, घाट, देवालये आणि दानधर्म यांत गेले. १८२४ मध्ये तेथेच त्यांचे निधन झाले. त्यांचे पुत्र विनायकराव पुढे बुंदेलखंडातील करवी येथे राहिले.

अमृतरावांचा दोष व्यक्तिगत म्हणता येणार नाही. त्याच डिसेंबरात भोसल्यांनी देवगावला, शिंद्यांनी सुर्जी-अंजनगावला आणि १८०५ मध्ये होळकरांनी कंपनीशी वेगवेगळे तह केले. प्रत्येकाने आपापल्या परीने सर्वोत्तम अट मिळविली. एकत्रितपणे मात्र सर्वांनी सौदाशक्ती गमावली. वाद कोणी मिटवायचा, हा अधिकार ज्याच्या हाती गेला, त्याच्याच हाती अखेर राज्य गेले.

आजच्या करारांत सैन्य नसते आणि कोणाचे सार्वभौमत्व गहाण पडत नाही, हा भेद विसरता कामा नये. तथापि एकेका लहान देशाला अलग गाठून वाटाघाटी करण्याची रीत जुनीच आहे. नोव्हेंबर २०१९ मध्ये भारत आशियातील व्यापक आर्थिक भागीदारीच्या वाटाघाटींतून बाहेर पडला, तेव्हा चिनी मालाच्या लोंढ्याची भीती होती. श्रीलंकेसमोर मात्र मोठी अर्थव्यवस्था आपणच असतो. १९९८ मध्ये झालेल्या करारात शुल्क हटविण्यासाठी भारताने स्वतः तीन वर्षांची मुदत घेतली आणि श्रीलंकेला आठ वर्षांची दिली. दुर्बलाला अधिक अवधी देण्याचे हे तत्त्व सुज्ञपणाचे होते.

मराठी अधिकारी आज अशा वाटाघाटींत मेजाच्या दोन्ही बाजूंचा अनुभव घेतात. बलवानासमोर बसताना शेजाऱ्यांशी आधी सल्लामसलत, आणि दुर्बलासमोर बसताना निवाड्याचा अधिकार तटस्थाकडे, एवढी दोन पथ्ये पाळली तरी पुष्कळ झाले. अमृतरावांना मिळालेले वर्षासन त्या काळी उदारच होते. त्याच्या बदल्यात काय गेले, याचा हिशेब कोणत्याही कलमात लिहिलेला नव्हता.