लाटा सुट्या करणारा माणूस

कार्डिओग्रामची ती गुलाबी चौकटींची पट्टी आता पुष्कळ घरांच्या कपाटात एखाद्या फायलीत जपून ठेवलेली असते. आजोबांची, बाबांची, क्वचित आपलीच. तिच्यातले आपल्याला फारसे कळत नाही, तरी आपण ती उजेडाकडे धरून पाहतो. वर-खाली धावणारी एक रेषा. मध्येच टोकदार सुळका, मग लहानशी टेकडी, मग सपाटी, पुन्हा तेच. समुद्राच्या पाण्याची पातळी दिवसरात्र टिपत गेले तरी अशीच एक रेषा मिळते. मेंदूतल्या विजेची अशीच रेषा निघते आणि सतारीच्या आवाजाचीही. या साऱ्या वेड्यावाकड्या रेषा वाचण्याची एक मोठी युक्ती आहे आणि ती जगाला देणारा माणूस दोनशे वर्षांपूर्वी फ्रान्समध्ये होऊन गेला. त्याचे नाव ज्याँ बाप्तिस्त जोसेफ फूरिए.

मी आयुष्यभर कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवले. मुले त्याच्या नावाचा उच्चार ‘फोरियर’ असा करीत आणि परीक्षेपुरती त्याची सूत्रे पाठ करून मोकळी होत. सूत्रामागे एक माणूस आहे आणि त्या माणसाचे आयुष्य एखाद्या कादंबरीला लाजवील असे आहे, हे सांगायला अभ्यासक्रमात जागा नव्हती. तो राहिलेला तास आज रविवारी घ्यावा म्हणतो.

फूरिएचा जन्म २१ मार्च १७६८ रोजी ओसेर या गावी झाला. वडील शिंपी. घरात मुलांची रांग. हा नऊ-दहा वर्षांचा होईपर्यंत आईवडील दोघेही गेले. पोरका मुलगा हुशार आहे हे हेरून गावातल्याच लष्करी शाळेत त्याची सोय लावण्यात आली. ही शाळा बेनेडिक्टाइन पंथाचे साधू चालवीत. तिथे तेराव्या-चौदाव्या वर्षी त्याला गणिताचे वेड लागले. रात्री सगळे झोपल्यावर अभ्यास करता यावा म्हणून तो दिवसा मेणबत्त्यांचे उरलेले तुकडे गोळा करून ठेवी, असे सांगतात.

त्याला तोफखान्यात जायचे होते. पण अर्ज फेटाळला गेला. कारण बुद्धीचे नव्हते, जन्माचे होते. शिंप्याच्या मुलाला त्या काळच्या फ्रान्समध्ये तोफखान्याचा अधिकारी होता येत नसे. मग दुसरी वाट कोणती? धर्माची. १७८७ मध्ये तो मठात दाखल झाला. एकविसावा वाढदिवस तिथेच उजाडला. त्या वेळी एका पत्रात त्याने खंत व्यक्त केली की, या वयात न्यूटन आणि पास्कल यांनी अमर होण्याइतके काम केले होते आणि आपण मात्र रिकामेच आहोत. हे वाचून मला त्याच्याविषयी फार आपुलकी वाटते. त्या वयात असे कोणाला वाटलेले नसते?

त्याच वर्षी, १७८९ मध्ये, राज्यक्रांती झाली. फूरिएने दीक्षा न घेताच मठ सोडला. जन्मावरून माणूस तोलणारी व्यवस्था कोसळते आहे, याचा आनंद त्याला इतर कुणाहून अधिक झाला असल्यास नवल नाही. तो गावच्या क्रांती समितीत गेला. पण तीच क्रांती पुढे माणसे खाऊ लागली. सत्तेला न रुचणाऱ्या काही माणसांची बाजू त्याने घेतली आणि जुलै १७९४ मध्ये त्याला अटक झाली. त्या दिवसांत अटकेचा अर्थ बहुधा गिलोटिन असा होई. पण २८ जुलैला खुद्द रोबेस्पिएरचेच डोके उडाले आणि फूरिए सुटला. पुढच्याच वर्षी त्याला पुन्हा पकडण्यात आले आणि या खेपेस ठपका होता तो रोबेस्पिएरचा समर्थक असल्याचा! यातूनही तो वाचला.

या धामधुमीतच पॅरिसमध्ये शिक्षकांसाठी निघालेल्या नव्या विद्यालयात त्याला लाग्रांज, लाप्लास आणि माँज असे गुरू लाभले. लवकरच तो स्वतः एकोल पॉलिटेक्निकमध्ये शिकवू लागला आणि १७९७ मध्ये लाग्रांजच्याच जागी त्याची नेमणूक झाली. आता सारे सुरळीत होणार, तोच १७९८ मध्ये नेपोलियनने इजिप्तच्या मोहिमेवर आपल्याबरोबर विद्वानांचा एक तांडाही नेला. त्यात फूरिए होता. कैरोत स्थापन झालेल्या विद्वत्संस्थेचा तो सचिव झाला. १८०१ मध्ये परतल्यावर पुन्हा शिकवावे, एवढीच त्याची इच्छा. पण नेपोलियनने त्याला आल्प्सच्या पायथ्याशी, ग्रनोबलला, आपल्याकडच्या जिल्हाधिकाऱ्यासारख्या पदावर धाडले.

विद्वानाला कचेरीत बसवले की तो कुढत बसतो, अशी आपली समजूत. फूरिए कुढला नाही. बुर्ग्वां भागात मोठी दलदल होती, आसपासच्या गावांत तापाच्या साथी असत. गावोगावच्या लोकांची समजूत घालून त्याने ती उपसवली. आल्प्स ओलांडून तोरिनोकडे जाणाऱ्या रस्त्याचे काम हाती घेतले. ग्रनोबलमध्येच शाम्पोलियों नावाच्या एका शाळकरी मुलाला त्याच्यामुळे इजिप्तच्या चित्रलिपीची गोडी लागली. या मुलाने पुढे १८२२ मध्ये ती लिपी उलगडली.

आणि याच कचेरीच्या कामातून वेळ काढून फूरिएने एक साधा प्रश्न हाती घेतला. तापलेल्या वस्तूत उष्णता पसरते कशी?

त्याने लोखंडाचे एक कडे घेतले. त्याला ठिकठिकाणी भोके पाडून थर्मामीटर बसवले. कड्याचा एक भाग तापवला आणि उष्णता कडेभर कशी फिरते ते तो पाहत राहिला. आता कड्यावरच्या तापमानाचा आलेख मनात काढून पाहा. एकीकडे उंच सुळका, दुसरीकडे खोल दरी, मध्ये लहानसहान उंचवटे. एवढ्या गुंतागुंतीचे गणित करायचे कसे? फूरिएने ते सुटे केले. झोपाळा मागेपुढे जाताना त्याची जागा वेळेनुसार कागदावर मांडली, तर जी गोलसर, एकसारखी लाट मिळते, तिला गणितात साइन लाट म्हणतात. फूरिएचे म्हणणे असे की, कड्यावरचे कसलेही वेडेवाकडे तापमान अशा साध्या लाटांची बेरीज म्हणून मांडता येते. लांब लाटा थोड्या, आखूड लाटा पुष्कळ. प्रत्येक लाट आपापल्या गतीने विरते. लाट निम्म्या लांबीची असेल तर ती चौपट वेगाने विरते. म्हणून बारीक चढउतार आधी पुसले जातात आणि शेवटी कड्यावर एकच मोठी लाट उरते. एक बाजू गरम, समोरची थंड. मग तीही सपाट होते.

ज्यांनी तानपुरा मन लावून ऐकला आहे त्यांना हे नवे वाटणार नाही. खर्जाची तार छेडली असता तिच्यातून गंधारही ऐकू येतो. तो गंधार कुणी छेडलेला नसतो. तारेच्या एका थरथरण्यात अनेक थरथरणी एकत्र असतात, त्यांतली ती एक. हा विचार फूरिएच्या अर्धशतक आधी डॅनियल बर्नूलीने तारेबाबत मांडलाही होता, पण थोरामोठ्यांनी तो मान्य केला नव्हता. फूरिएने तो तारेपुरता न ठेवता कोणत्याही रेषेला लावला. धाडस ते हेच.

२१ डिसेंबर १८०७ रोजी त्याने आपला निबंध पॅरिसच्या विद्वत्सभेत मांडला. तपासायला कोण? लाग्रांज, लाप्लास, माँज आणि लाक्र्वा. म्हणजे बरेचसे गुरूच. लाग्रांज काही केल्या मान्य करीना. गुळगुळीत लाटा कितीही मिळवल्या तरी त्यातून टोकदार कोपरा कसा निघेल, हा आक्षेप वरवर पाहता बिनतोड होता. निबंध छापला गेला नाही. पुढे याच विषयावर स्पर्धा लागली. फूरिएने १८११ मध्ये सुधारलेला निबंध पाठवला आणि बक्षीसही मिळवले. पण बक्षिसासोबत शेरा आला की, सिद्धता पुरेशी काटेकोर नाही. तोही छापायचा राहून गेला.

येथे थोडे थांबून सांगतो. परीक्षकांचे अगदीच चूक नव्हते. फूरिएकडे पक्की सिद्धता खरोखर नव्हती. त्याच्याकडे होते ते कडे, थर्मामीटर आणि मोजमापांशी जुळणारे उत्तर. ज्याच्या मनाशी गोष्ट पटली आहे पण जो ती गुरूला पटवू शकत नाही, अशा माणसाने काय करावे? फूरिए भांडला नाही आणि मागेही हटला नाही. तो पंधरा वर्षे लिहीत राहिला. १८२२ मध्ये त्याचा उष्णतेवरचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. सिद्धतेची मोठी उणीव डिरिक्ले या तरुण जर्मन गणितीने १८२९ मध्ये भरून काढली. फूरिएच्या मृत्यूला तेव्हा जेमतेम वर्ष उरले होते.

मधल्या काळात नेपोलियन पडला, परतला, पुन्हा पडला. त्यात फूरिएची नोकरी गेली. एका जुन्या विद्यार्थ्याने त्याला पॅरिसच्या सांख्यिकी कचेरीत काम दिले, म्हणून तो तगला. १८१६ मध्ये विज्ञान अकादमीने त्याला निवडले तर राजाने नेपोलियनचा माणूस म्हणून नकार दिला. पुढच्या वर्षी पुन्हा निवडले, तेव्हा राजा नमला. नंतर तो याच अकादमीचा सचिव झाला आणि आपला जुना, पडून राहिलेला निबंध त्याने तेव्हा कुठे छापून घेतला!

त्याने लग्न केले नाही. उतारवयात त्याला सतत थंडी वाजे. तो भर उन्हाळ्यातही गरम कपड्यांत गुंडाळून तापवलेल्या खोलीत बसे, असे सांगतात. हृदयाचे दुखणे जुनेच होते. मे १८३० मध्ये जिन्यावरून पडण्याचे निमित्त झाले आणि १६ मे रोजी तो गेला. त्याच पॅरिसमध्ये १८१६ साली लाएनेकने स्टेथोस्कोप शोधला होता. फूरिएच्या डॉक्टरांना हृदय फार तर ऐकता आले असते. त्याची रेषा कागदावर उमटायला अजून बराच अवकाश होता.

त्याच्या मागे त्याची युक्ती समुद्रावर गेली. लॉर्ड केल्विनने कोवळ्या वयात फूरिएचा ग्रंथ वाचला होता. भरती-ओहोटीची रेषा म्हणजे चंद्र-सूर्यामुळे उठणाऱ्या अनेक लाटांची बेरीज, हे धरून १८७२ च्या सुमारास त्याने दहा लाटांची बेरीज करणारे यंत्र उभारले. १८७९ मध्ये हिंदुस्थानातल्या बंदरांसाठी असे खास यंत्र लंडनमध्ये तयार झाले. त्यात मुंबईही होती. अपोलो बंदरावर पाण्याची पातळी त्याआधीच टिपली जाऊ लागली होती. तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ सांगणारे आपले कोकणी लोक त्यातली एक मोठी लाट पूर्वीपासूनच ओळखून होते. फूरिएच्या रीतीने बाकीच्याही मोजता आल्या.

आणि मग ती हृदयाकडे आली. निरोगी हृदय घड्याळासारखे ठोके देते, ही आपली समजूत बरोबर नाही. श्वास आत घेताना ठोके किंचित जलद होतात, सोडताना सावकाश. त्यावर सुमारे दहा सेकंदांची दुसरी लाट असते आणि आणखीही मंद लाटा असतात. १९८१ पासून फूरिएच्या रीतीने या लाटा सुट्या करून पाहण्याचा अभ्यास वाढला. हृदयविकाराचा झटका येऊन गेलेल्या ज्या रुग्णांच्या ठोक्यांतला हा चढउतार फार कमी झाला होता, त्यांना धोका अधिक असल्याचे १९८७ मध्ये दिसून आले.

याहून विलक्षण गोष्ट प्रसूतिगृहातली आहे. पोटातल्या बाळाच्या ठोक्यांची रेषा कागदावर उमटते तेव्हा ती थोडी खडबडीत, दातेरी असावी लागते. डॉक्टरांना त्यानेच हायसे वाटते. पण कधी कधी दाते नाहीसे होतात आणि मिनिटाला तीन ते पाच आवर्तनांची गुळगुळीत, देखणी साइन लाट तेवढी उरते. ती बराच वेळ टिकली तर डॉक्टर सावध होतात, कारण बाळाच्या अंगात रक्त फार कमी असल्याची ती खूण असू शकते.

इथे मला फूरिएचे ते लोखंडी कडे आठवते. थंड होत जाणाऱ्या कड्यावर बारीक लाटा आधी विझल्या आणि शेवटी एकच सुबक लाट उरली होती. बाळाचे हृदय म्हणजे लोखंड नव्हे, दोन्हींची कारणे वेगळी. तरी मला त्यातून एक गोष्ट कळते. जिवंतपणाची रेषा अनेक लाटांची असते आणि म्हणूनच ती वेडीवाकडी दिसते. फूरिएचे आयुष्य तरी कुठे सरळ होते? मठ, तुरुंग, वाळवंट, कचेरी आणि या सगळ्यातून न विरलेला एक प्रश्न. पुढच्या खेपेस घरातल्या कुणाची ती पट्टी हाती आली, तर तिच्यातल्या खाचाखोचांना भिऊ नका. त्यांचा अर्थ डॉक्टर सांगतीलच. ती रेषा टिपणाऱ्या आणि स्वच्छ करणाऱ्या यंत्राच्या कामात मात्र ओसेरच्या शिंप्याच्या त्या मुलाचाही हात आहे.