नियम आणि माणूस : संत आल्फोन्सस लिगोरी



पाप हे पापच. मग ते कोणी, कोणत्या परिस्थितीत केले हे पाहायचे कशाला? हा प्रश्न आपल्यापैकी अनेकांच्या मनात येतो. १ ऑगस्टला ज्यांचा सण आपण साजरा करतो त्या संत आल्फोन्सस लिगोरी यांनी या प्रश्नासाठी आपले आयुष्य वेचले.

त्यांचा जन्म १६९६ साली इटलीतील नेपल्सजवळ झाला. वयाच्या सोळाव्या वर्षी ते कायद्याचे डॉक्टर झाले. १७२३ साली एका मोठ्या खटल्यात कागदपत्रांतील एक महत्त्वाचा मुद्दा त्यांच्या नजरेतून निसटला आणि ते हरले. त्यांनी वकिली कायमची सोडली. १७२६ साली ते धर्मगुरू झाले.

धर्मगुरूपदाच्या शिक्षणात त्यांना कडक शिस्तीची नीतिशिकवण मिळाली होती. शंका आली की नेहमी नियमाच्याच बाजूने निर्णय द्यावा, असे तेव्हाचे अनेक पंडित सांगत. क्षमा लांबणीवर टाकणे हे धर्मनिष्ठेचे लक्षण समजले जाई. परंतु नेपल्सच्या गल्ल्यांतील गरीब आणि स्काला येथील डोंगरावरचे मेंढपाळ भेटल्यावर त्यांचे मन बदलले. ज्यांना धर्मशिक्षण मिळालेच नव्हते, त्यांना पंडितांच्या मापाने कसे मोजावे? अशा लोकांसाठीच त्यांनी १७३२ साली रिडेम्प्टोरिस्ट संघ स्थापन केला.

१७४८ पासून त्यांचा नीतिशास्त्रावरील ग्रंथ प्रसिद्ध होऊ लागला. देवाची आज्ञा सर्वांसाठी एकच, यात त्यांनी तडजोड केली नाही. वाटेल ते चालते म्हणणाऱ्यांनाही त्यांनी विरोध केला. मात्र नियम लागू आहे की नाही याविषयी दोन्ही बाजूंचे आधार सारखेच असतील, तर तो नियम माणसावर लादू नये, असे त्यांनी शिकवले. नियमाची बाजू स्पष्टपणे वरचढ असेल, तर तो पाळलाच पाहिजे. तसेच कृत्याबरोबर माणसाची समज, हेतू व परिस्थितीही पाहावी. पापनिवेदन ऐकणारा धर्मगुरू न्यायाधीश असतो खरा, पण त्याआधी तो पिता आणि वैद्य असतो.

१७६२ साली ते बिशप झाले. पुढच्याच वर्षी दुष्काळ पडला, तेव्हा भुकेल्यांसाठी त्यांनी आपली घोडागाडीसुद्धा विकली. १७८७ साली त्यांचे निधन झाले. १८३९ साली ते संत घोषित झाले, तर १९५० साली पापनिवेदन ऐकणाऱ्या धर्मगुरूंचे आश्रयदाते.

घरात, शेजारात कोणाला दोषी ठरवण्यापूर्वी आपण त्याचे सगळे ऐकून घेतो का? या आठवड्यात तेवढे तरी करू या.