भास्कराचार्य

उर्दूत ज्याला तुम्ही अलजब्रा म्हणता, त्याला मराठीत बीजगणित म्हणतात. बीजगणितातील वजाबाकी करताना अनेक मुलांची चिन्हे चुकतात. ही वजाबाकी सोप्या नियमात सांगणारे थोर गणिती म्हणजे भास्कराचार्य.

त्यांचा जन्म इ. स. 1114 मध्ये झाला. त्यांचे गाव सह्याद्रीच्या परिसरातील विज्जलवीड. त्यांचे वडील महेश्वर हेच त्यांचे गुरू होते. वयाच्या 36 व्या वर्षी भास्कराचार्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' हा ग्रंथ लिहिला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय हे त्याचे चार भाग आहेत.

एकाच उदाहरणात अनेक अज्ञात संख्या आल्या, तर त्या ओळखायच्या कशा? भास्कराचार्य पहिल्या संख्येला यावत्तावत् म्हणत. पुढच्या संख्यांना ते काळा, निळा, पिवळा अशा रंगांची नावे देत. लिहिताना या, का, नी अशी पहिली अक्षरे पुरत. ऋण संख्येवर ते टिंब देत.

वजाबाकीचा नियम असा : जी राशी वजा करायची, तिच्यातील प्रत्येक पदाचे चिन्ह बदलावे. मग सजातीय पदांची बेरीज करावी. विजातीय पदे वेगळी ठेवावीत. समजा, 7या − 3का मधून 4या − 5का वजा करायचे आहेत. चिन्हे बदलून − 4या + 5का मिळतात. उत्तर येते 3या + 2का. फक्त पहिल्याच पदाचे चिन्ह बदलले, तर उत्तर चुकते.

ऋण वजा केल्यावर धन का होते? भंडाऱ्याच्या एखाद्या धान उत्पादक शेतकऱ्याचे 500 रुपयांचे कर्ज माफ झाले, तर त्याला 500 रुपयांचा फायदाच होतो ना? तसेच हे आहे.

भास्कराचार्यांनी म्हातारपणीही काम थांबवले नाही. 69 व्या वर्षी त्यांनी 'करणकुतूहल' लिहिले. छापखाने नसलेल्या त्या काळात ही विद्या हरवू नये, म्हणून त्यांचे नातू चंगदेव यांनी चाळीसगावजवळील पाटण येथे तिच्या अभ्यासासाठी मठ काढला. तेथील शिलालेखात ही हकीकत कोरलेली आहे.

पुढे अकबराच्या आज्ञेवरून फैजी यांनी 1587 मध्ये लीलावतीचा फारसी अनुवाद केला. शहाजहानच्या काळात अताउल्ला रशीदी यांनी बीजगणित फारसीत आणले. औरंगाबादचा, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरचा, बीबी का मकबरा बांधणारे शिल्पकार तेच.

मुलांनो, ज्ञानाला भाषेची भिंत अडवू शकत नाही. तुम्हीही हा नियम समजून घ्या आणि आपल्या मित्राला समजावून सांगा.

शब्दार्थ : अज्ञात – माहीत नसलेली, सजातीय – एकाच जातीचे, ऋण – कर्ज, वजा संख्या.

स्वाध्याय :
1. चंगदेवांनी पाटण येथे मठ का काढला?
2. 6या − 2का मधून 2या − 7का वजा करा.