देवीच्या लसीचे जनक : एडवर्ड जेन्नर

देवीचा रोग जगातून गेला, असे जागतिक आरोग्य संघटनेने १९८० साली जाहीर केले. तरी आमच्या वाशीमकडे साठी ओलांडलेल्या माणसांच्या दंडावर देवी टोचल्याचा वण अजून दिसतो. तो वण ज्यांच्यामुळे आला, ते डॉक्टर एडवर्ड जेन्नर.

१७ मे १७४९ रोजी इंग्लंडमधील बर्कले या गावी त्यांचा जन्म झाला. पाचव्या वर्षीच आईवडील गेले. त्या काळी देवीच्या फोडातील पू निरोगी माणसाला टोचून सौम्य देवी आणवीत. आठव्या वर्षी एडवर्डलाही तसे टोचले. आधी उपास, मग रक्त काढणे, मग तबेल्यात कोंडणे! हे हाल ते पुढे विसरले नसावेत.

गाईच्या देवी येऊन गेलेल्या गवळणीला मोठ्या देवी येत नाहीत, अशी खेड्यात समजूत होती. जेन्नरांनी ती मनावर घेतली. १४ मे १७९६ रोजी सारा नेल्म्स या गवळणीच्या हातावरील फोडातील द्रव त्यांनी जेम्स फिप्स या ८ वर्षांच्या मुलाच्या दंडावर दोन बारीक चिरा पाडून टोचला. जुलैत खऱ्या देवीचा पू टोचून पाहिला; मुलाला काही झाले नाही. जेम्स त्यांच्या माळ्याचा मुलगा. प्रयोगाला गरिबाचेच पोर सापडावे, हे मनाला खटकतेच.

रॉयल सोसायटीने निबंध नाकारला, तेव्हा १७९८ साली तो त्यांनी पदरमोड करून छापला.

लांबच्या प्रवासात लस बहुधा वाया जाई. म्हणून एका मुलाच्या दंडावर फोड आला, की त्यातला द्रव दुसऱ्याला टोचीत. व्हिएन्नाहून बगदाद-बसऱ्यामार्गे लस मुंबईला आली आणि १४ जून १८०२ रोजी ॲना डस्टहॉल या ३ वर्षांच्या मुलीला टोचली गेली. हिंदुस्थानात देवीची लस टोचलेले हे पहिले मूल. तिच्या दंडावरून ती इतर मुलांना आणि पुढे पुण्या-मद्रासकडे गेली. जेन्नरांचे नाव सर्वांना ठाऊक. ॲनाचे किती जणांना आहे? आज देवीच्याच कुळातील एम-पॉक्सवर जी लस मुख्यतः वापरतात, तीही त्याच कुळातील दुबळ्या केलेल्या विषाणूची. पण ती कारखान्यातून बाटलीत येते आणि सुईने कातडीखाली, २८ दिवसांच्या अंतराने दोनदा देतात.

जेन्नर आपल्या बागेतील झोपडीत गोरगरिबांना फुकट लस टोचीत. जेम्सला त्यांनी बिनभाड्याचे घर दिले. २६ जानेवारी १८२३ रोजी ते वारले. अंत्यविधीला जेम्स हजर होता.