उरणचे मुक्री: नाव न बदललेला नट

फर्दापूरला आमच्या शाळेत स्नेहसंमेलनाची तयारी सुरू झाली की दरवर्षी तेच भांडण. हिरो सगळ्यांना व्हायचंय, नोकर कुणालाच नको. यंदा वर्गातल्या एका बुटक्या पोराला नोकराचं काम दिलं, तर तो रुसून बसला. आम्ही त्याला मोबाईलवर मरहूम मुक्री साहेबांचा फोटो दाखवला. चेहरा पाहताच पोरगं हसलं, पण नाव विचारलं तर सांगता येईना. स्टाफरूममध्येही तीच गत. चेहरा सगळ्यांना ठाऊक, नाव एखाद्यालाच. ही गोष्ट मनाला लागली, म्हणून हे लिहितोय.

मुहम्मद उमर मुक्री यांचा जन्म ५ जानेवारी १९२२ चा, गाव उरण. म्हणजे आपल्या महाराष्ट्राचे, कोकणी मुस्लिम घरातले. शिक्षण मुंबईत अंजुमन-ए-इस्लाममध्ये झालं. तिथे त्यांच्यासोबत यूसुफ खान नावाचा एक मुलगा होता. तोच पुढे दिलीप कुमार झाला. सिनेमात येण्याआधी मुक्री साहेबांनी काझीचं कामही केलं होतं. काझीचं काम सोडून सिनेमात जाणं त्या काळी आपल्या घरांत किती जड गेलं असेल, ते वाचकांना सांगायला नको. आजही एखाद्याच्या मुलाने असं केलं तर मोहल्ल्यात काय काय बोललं जातं, ते आपण ऐकतोच.

बॉम्बे टॉकीजचा 'प्रतिमा' १९४५ साली आला. दिग्दर्शक जयराज, नायक दिलीप कुमार, आणि त्याच चित्रपटातून मुक्रींची सुरुवात. एकाच शाळेतले दोघे पडद्यावरही एकत्र आले. पण एक फरक बघा. यूसुफ खानचं नाव बॉम्बे टॉकीजमध्ये बदललं गेलं. पुढे बद्रुद्दीन काझींचे जॉनी वॉकर झाले, हामिद अली खानांचे अजित झाले. ज्याचा त्याचा नाइलाज असेल, आम्ही कुणाला दोष देत नाही. मुक्री मात्र मुक्रीच राहिले. कोकणातलं ते आडनाव पन्नासहून जास्त वर्षं पडद्यावर झळकत राहिलं.

कामं कसली? नायकाचा मित्र, नोकर, मुनीम, शेजारी. लहान चण, बोळकं हसू आणि अचूक टायमिंग, एवढीच पुंजी. 'आन', 'कोहिनूर', 'राम और श्याम', 'पडोसन', 'बॉम्बे टू गोवा'... सहाशेहून जास्त चित्रपट त्यांच्या नावावर सांगितले जातात. मेहबूब खान यांच्या 'मदर इंडिया'त (१९५७) ते शंभू झाले होते. तिथे नुसता विनोद नाही, संकटात सापडलेल्या घराच्या पाठीशी उभा राहणारा गावचा माणूस आहे. मुक्री म्हणजे फक्त हसवणारे, असं समजणाऱ्यांनी तो चित्रपट पुन्हा बघावा.

पण घराघरात पोचले ते उतारवयात. मनमोहन देसाईंच्या 'अमर अकबर अँथनी'त (१९७७) ते तय्यब अली झाले. मुलीच्या, म्हणजे डॉक्टर सलमाच्या प्रेमाला आडवा येणारा बाप. ऋषी कपूर भर रस्त्यात हिजड्यांची टोळी घेऊन त्यांच्या नावाने गाणं म्हणतो आणि म्हातारा चिडून लालबुंद होतो. सगळा तमाशा नायकाचा, पण आमची नजर तय्यब अलीच्या चेहऱ्यावरून हलत नाही. असे तापट आणि तरीही लाडके चाचा आपल्या प्रत्येक मोहल्ल्यात एकेक असतातच!

मग १९८४ साली प्रकाश मेहरांचा 'शराबी' आला. नत्थूलालच्या मिशांवरचा अमिताभचा संवाद लोकांच्या तोंडी इतका बसला की चाळीस वर्षांनंतरही लग्नाच्या मांडवात कुणी मिशीला पीळ दिला की तोच ऐकू येतो. नवल म्हणजे संवाद दुसऱ्याचा, लक्षात राहिले मुक्री. तोटाही तिथेच झाला. नत्थूलाल आणि तय्यब अली ही नावं राहिली आणि जे स्वतःचं नाव त्यांनी कधी बदललं नव्हतं, तेच मागे पडलं.

४ सप्टेंबर २००० रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. त्याच्या काही आठवडे आधीच 'धडकन' प्रदर्शित झाला होता. त्याचे संवाद त्यांची मुलगी नसीम यांनी लिहिलेत, मुक्री हेच आडनाव लावून.