पडद्यावरचे गदिमा

स्मरणिकेसाठी काहीतरी लिहा असे चिटणीसबाईंनी सांगितले तेव्हा मी प्रथम नकोच म्हटले. सातवीनंतर माझी शाळा सुटली ती सुटलीच. हातात पेन येते ते किराण्याच्या यादीपुरते. ब्रश मात्र रोज येतो, कारण गणपतीच्या डोळ्यांची आखणी आपल्या जोह्यात कोणाला चुकली आहे? पण यंदा दहावीचा निकाल लागला आणि कारखान्यात माझ्या शेजारी बसणारी मुलगी गणितात नापास झाली. आठ दिवस ती घराबाहेर पडली नाही. तिला मी जी हकिकत सांगितली तीच येथे लिहिते.

ग. दि. माडगूळकर म्हटले की आपल्याला गीतरामायण आठवते. पण हे गृहस्थ सिनेमात प्रथम आले ते नट म्हणून, हे पुष्कळजणींना ठाऊक नसेल. मलाही नव्हते. टीव्हीवर जुना 'रामजोशी' लागला होता, तेव्हा सासूबाईंनी बोट दाखवून सांगितले की, हेच ते गदिमा.

त्यांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ चा, आजोळी शेटफळे गावी. मूल हालेना की रडेना, म्हणून ते गेले असे समजून पुरण्याची तयारी झाली होती. सुईणीने बेंबीजवळ निखारा धरला आणि मूल रडले, असे सांगतात. गाव माडगूळ, वडील औंध संस्थानात कारकून, पगार थोडा आणि खाणारी तोंडे पुष्कळ. आई बनूताईंनी तो संसार कसा रेटला असेल, हे आपल्याला वेगळे सांगावयास नको. मुलगा कविता करी, नकला छान करी. पण मॅट्रिकला गणितात अडकला. पुढे शिकवायला घरात पैसा नव्हता.

मग पोटासाठी कोल्हापूर गाठले. मास्टर विनायकांच्या हंस पिक्चर्समध्ये शिरकाव झाला आणि १९३८ च्या 'ब्रह्मचारी'त लहानशी भूमिका मिळाली. (मीनाक्षीबाईंनी पोहण्याचा पोशाख घातला म्हणून गहजब झाला तोच हा चित्रपट!) एवढ्याने घर चालते थोडेच! वि. स. खांडेकरांकडे ते लेखनिक राहिले. खांडेकरांनी सांगावे, यांनी उतरवून घ्यावे. मला वाटते, त्यांचे कॉलेज तेच. १९४२ साली 'पहिला पाळणा' आणि 'भक्त दामाजी' या चित्रपटांची गाणी त्यांना मिळाली, आणि नट मागे पडून कवी पुढे आला.

तरी तोंडाला रंग लावणे त्यांनी सोडले नाही. १९४७ च्या 'रामजोशी'त कथा त्यांची, संवाद त्यांचे, गाणी त्यांची आणि शिवाय एक भूमिकाही! जयराम शिलेदार आणि हंसा वाडकर यांचा तो चित्रपट फार गाजला. नट म्हणून ते फार मोठे होते असे मी म्हणणार नाही. पण बोलावे कसे, थांबावे कोठे हे ज्याने स्वतः उभे राहून अनुभवले, त्याने लिहिलेले शब्द दुसऱ्याच्या तोंडीही सहज बसतात. त्यांची गाणी आपल्याला एकदा ऐकून पाठ होतात, त्याचे कारण मला हेच दिसते. दीडशेच्या वर मराठी चित्रपटांना त्यांची लेखणी लागली.

हिंदीतही ते गेले. शांतारामबापूंच्या 'दो आँखें बारह हाथ'ची (१९५७) कथा गदिमांची. सहा खुनी कैद्यांना शेतावर मोकळे ठेवून माणसात आणणारा जेलर आपण पाहिला आहे. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची खुली वसाहत होती, तेथे कैदी असेच ठेवीत. म्हणजे हे त्यांच्या घराजवळचेच! त्या चित्रपटाला १९५८ साली बर्लिनला बक्षीस मिळाले.

गीतरामायण पुणे आकाशवाणीवर १ एप्रिल १९५५ ला, रामनवमीच्या दिवशी सुरू झाले. दर आठवड्याला एक नवे गीत, अशी छप्पन्न गीते. चाली सुधीर फडके यांच्या. वर्षभर दर आठवड्याला वेळेवर काम देणे काय असते, हे गणपतीच्या हंगामात आपल्याला चांगले कळते.

पुढे ते विधान परिषदेवर गेले, १९६९ ला पद्मश्री झाले आणि १९७३ साली यवतमाळच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षही झाले. हे ऐकून आमची मुलगी पहिल्यांदा हसली, आणि लगेच म्हणाली, काकू, पण त्यांना कविता येत होत्या, मला काय येते? मी तिच्या पुढ्यातली मूर्ती तिच्याकडे वळवली. डोळे तिनेच आखले होते. अशी नजर मला अजून साधत नाही.

गदिमा १४ डिसेंबर १९७७ ला पुण्यात वारले, तेव्हा अवघे अठ्ठावन्न वर्षांचे होते. कारखान्यात मोबाईलवर त्यांची गाणी अजून लागतात. लहान मुले नाचतात ते मोराचे गाणेही त्यांचेच, 'देवबाप्पा'तले, १९५३ चे. मुलीने पुरवणी परीक्षेचा फॉर्म भरला आहे. दुपारी जेवणाच्या सुटीत ती गणिताचे पुस्तक काढून बसते, तेव्हा आम्ही गाणी जरा हळू लावतो.