सरफोजी राजे : तंजावरचे नाटककार आणि विद्यादाते

तंजावरहून पट्टुकोट्टईकडे जाताना ओरत्तनाडु हे गाव लागते. रामेश्वराच्या यात्रेकरूंचा हा जुना मार्ग. येथे तंजावरचे भोसले राजे दुसरे सरफोजी यांनी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी आपली प्रिय सहचरी मुक्तांबा हिच्या नावाने छत्र, म्हणजे धर्मशाळा, उभारले. वाटसरूंना तेथे अन्न मिळे, आजाऱ्यांची शुश्रूषा होई आणि मुलांना अनेक भाषांचे विनामूल्य शिक्षण दिले जाई. जवळच्या कन्नंदंगुडी येथे ५० गरीब ख्रिस्ती मुलांच्या निर्वाहाची व शिक्षणाची तरतूदही राजांनी केली होती. हिंदू धर्मावर अढळ निष्ठा असलेल्या राजाने हे का केले, हे जाणण्यासाठी त्यांच्या बालपणाकडे वळले पाहिजे.

सरफोजींचा जन्म १७७७ साली झाला. तुळजाजी राजांनी १७८७ मध्ये मृत्यूपूर्वी त्यांना दत्तक घेतले आणि जर्मन मिशनरी रेव्ह. ख्रिश्चन फ्रेडरिक श्वार्ट्झ यांना त्यांचे पालक होण्याची विनंती केली. मराठी जाणणाऱ्या या वृद्ध सेवकाने राजकारभाराची जबाबदारी नम्रपणे नाकारली व राजबंधू अमरसिंग यांचे नाव सुचविले. परंतु अमरसिंगांनी गादी बळकावली आणि बालकाला कोंडून ठेवले. त्याच्या शिक्षणाकडेही कोणी पाहिना. तेव्हा श्वार्ट्झ स्वस्थ बसले नाहीत. त्यांनी कंपनी सरकारकडे सातत्याने दाद मागितली. १७९३ मध्ये सरफोजींना मद्रासला हलविण्यात आले व तेथे रेव्ह. गेरिके यांच्या देखरेखीखाली त्यांचे अध्ययन चालू राहिले.

१७९८ च्या फेब्रुवारीत श्वार्ट्झ प्रभूच्या घरी गेले. त्याच वर्षी शिष्य गादीवर बसला. मात्र १७९९ च्या तहाने राज्याचा कारभार कंपनीच्या हाती गेला. राजांकडे उरला तो किल्ला, त्याचा परिसर आणि ठराविक उत्पन्न. अशा प्रसंगी कित्येक राजे विलासात बुडाले. सरफोजींनी आपली बुद्धी व धन विद्येकडे वळविले.

ते उत्तम कल्पक लेखक होते. तामिळ देशात कुरवंजी नावाचा नाट्यप्रकार लोकप्रिय होता. डोंगरात राहणारी, भविष्य सांगणारी भटकी स्त्री त्यात आपल्या मुलखातील पर्वत व नद्यांचे वर्णन करते. सरफोजींनी मराठीत ‘देवेंद्र कुरवंजी’ रचली आणि या कुरवंजीला थेट स्वर्गातील इंद्राणीपुढे उभे केले. येथे तिच्या मुखी केवळ आपल्या डोंगरांचे नव्हे, तर साऱ्या पृथ्वीवरील खंडांचे, देशांचे व नद्यांचे वर्णन आले. पुराणातील कल्पनासृष्टीत त्यांनी नवा भूगोल अशा रीतीने बसविला की, प्रेक्षकाला परके काही शिकवले जात आहे असे वाटू नये.

हेच धोरण त्यांनी अन्य माध्यमांतही ठेवले. नृत्यासाठी त्यांनी मराठी पदरचना केल्या. पाश्चात्त्य संगीतासही दरबारी स्थान दिले. १८०५ च्या सुमारास त्यांनी राजवाड्यात देवनागरी छापखाना काढला. तेथून सख्खण पंडितांनी केलेला इसापनीतीचा अनुवाद ‘बाळबोध मुक्तावळी’ प्रसिद्ध झाला. मुंबईत अमेरिकन मराठी मिशनचा छापखाना सुरू होण्यास तेव्हा सुमारे एक दशक अवकाश होता. १८०३ मध्ये भोसले घराण्याचा इतिहास त्यांनी बृहदीश्वर मंदिराच्या भिंतीवर मराठीत कोरविला. नेत्ररोग्यांवरील उपचारांच्या सचित्र नोंदी ठेवविल्या. सरस्वती महाल ग्रंथालयात हस्तलिखितांबरोबरच हजारो युरोपीय ग्रंथ जमविले.

गुरूचे उपकार ते विसरले नाहीत. श्वार्ट्झ यांच्या समाधिशिलेसाठी त्यांनी स्वतः इंग्रजी काव्य रचले आणि लंडनचे शिल्पकार जॉन फ्लॅक्समन यांच्याकडून संगमरवरी स्मारक घडवून घेतले. मृत्युशय्येवरील गुरू व त्यांच्या शेजारी शिष्य असे दृश्य त्यात कोरलेले असून ते तंजावरच्या चर्चमध्ये आहे.

शिष्याने ख्रिस्त स्वीकारावा, ही श्वार्ट्झ यांची मनीषा होती; ती पूर्ण झाली नाही. १८३२ च्या मार्चमध्ये सरफोजी निवर्तले, ते हिंदू म्हणूनच. मग त्या सेवकाचे श्रम वाया गेले काय? बी पेरणाऱ्याला पीक कोणत्या शेतात उगवेल हे ठाऊक नसते. कोंडलेल्या मुलासाठी त्याने दार ठोठावले, आणि त्या मुलाने पुढे ओरत्तनाडूत इतर मुलांसाठी दार उघडले. आपल्या सेवेचे फळ आपण नेमलेल्या रूपातच मिळावे, असा हट्ट धरणाऱ्या आम्हांस हे चरित्र विचार करावयास लावते.